वेगाची वेसण

ऐंशीच्या दशकात आयबीएमच्या धर्तीवर बनलेल्या संगणकांच्या डब्यावर 'टर्बो' नावाचं एक बटण असायचं. नाव वाचून वाटतं, दाबलं की यंत्र सुसाट सुटत असेल. पण यंत्र मुळातच सुसाट असायचं. बटणाची खरी गरज पडायची ती त्याला हळू करताना. 1981 सालच्या मूळ आयबीएम पीसीचा प्रोसेसर 4.77 मेगाहर्ट्झवर चालत होता आणि तेव्हाचे कित्येक गेम वेळ मोजायचे ते घड्याळावर नव्हे, प्रोसेसरच्या ठोक्यांवर. पुढे 8 आणि 10 मेगाहर्ट्झची यंत्रं आली आणि त्याच गेममधली विमानं अशी पळू लागली की बोट कळीवर पोचेपर्यंत डाव खलास. मग टर्बो बंद करायचं, यंत्राला जुन्या चालीवर आणायचं आणि निवांत खेळायचं.

खेळासाठी यंत्राचा वेग जुळवण्याची ही खटपट पुढे खिशातल्या फोनवर आली. गेम मोड, परफॉर्मन्स मोड, 60 की 90 फ्रेम, ग्राफिक्स 'स्मूथ' की 'एचडीआर' अशा पर्यायांनी आजचे फोन भरलेले आहेत. पण हे पर्याय वाढत गेले त्या पंचवीसेक वर्षांत वेगाची वेसण मात्र सतत हात बदलत राहिली. कधी ती खेळणाऱ्याकडे होती, कधी गेम लिहिणाऱ्याकडे, आणि बराच काळ, न सांगता, फोन बनवणाऱ्याकडे.

सुरुवात खेळणाऱ्याच्या बाजूनं झाली. 1997 साली नोकियाचा 6110 बाजारात आला. त्यात फिनलंडच्या तानेली अर्मांतो यांनी लिहिलेला 'स्नेक' होता. 84 बाय 48 ठिपक्यांचा काळा-हिरवा पडदा आणि त्यावर वळवळणारी एक रेघ. त्यात 1 ते 9 अशा पातळ्या होत्या आणि पातळी म्हणजे सापाचा वेग. गंमत अशी की ज्या पातळीवर खेळाल तितके गुण एका घासाला मिळायचे. नऊवर खेळलं तर नऊ गुण, पण साप भिंतीवर आपटायलाही तितकाच उतावळा. वेग वाढवायचा की जीव वाचवायचा, हा हिशेब पूर्णपणे खेळणाऱ्याचा होता. फोन तापायचा नाही, बॅटरी बसायची नाही.

पुढे जावा भाषेत लिहिलेल्या गेमच्या काळात हा हिशेब खेळणाऱ्याच्या हातून गेला. नोकियाच्या सुरुवातीच्या सीरीज 40 फोनांत एका गेमची फाईल 64 किलोबाइटपेक्षा मोठी चालत नसे. आज व्हॉट्सअ‍ॅपवर येणारं सकाळचं एक फूल याहून जड असतं. फोनागणिक पडद्याचा आकार वेगळा, मेमरी वेगळी, कळांची मांडणी वेगळी. त्यामुळे एकाच गेमच्या कितीतरी आवृत्त्या बनवाव्या लागायच्या. या कामाला धंद्यात 'पोर्टिंग' म्हणत. 1999 साली सुरू झालेल्या मुंबईच्या इंडियागेम्ससारख्या कंपन्या याच जगात वाढल्या. कुठल्या फोनवर किती चित्रं ठेवायची, कुठल्या फोनवर प्रेक्षकांची गॅलरी उडवायची, याचा निर्णय गेम विकायला जाण्यापूर्वीच झालेला असायचा. मेनूत खेळणाऱ्याच्या वाट्याला यायचा तो फार तर 'साउंड: चालू/बंद'. नोकियानं ऑक्टोबर 2003 मध्ये खास खेळांसाठी काढलेल्या एन-गेजमध्ये तर गेमचं कार्ड बदलायला बॅटरीच काढावी लागायची. तो फोन चालला नाही, यात नवल नाही.

खरी उलथापालथ अँड्रॉइडनं केली, कारण त्याच्या पोटात लिनक्स होतं आणि लिनक्समध्ये वेग हाकणारी एक व्यवस्था आधीपासून होती. तिला 'गव्हर्नर' म्हणतात. राज्यपालांशी याचा काही संबंध नाही. वाफेच्या इंजिनाचा वेग काबूत ठेवणाऱ्या, जेम्स वॅटनं वापरलेल्या फिरत्या गोळ्यांच्या यंत्रणेलाही हेच नाव आहे. लिनक्समधला 'ऑनडिमांड' गव्हर्नर 2004 साली वेंकटेश पल्लीपाडी यांच्या कामातून आला. काम पडलं की प्रोसेसरचा वेग एकदम वर न्यायचा, काम संपलं की हळूहळू खाली आणायचा, अशी त्याची रीत. सोबत 'परफॉर्मन्स' आणि 'पॉवरसेव्ह' हे दोन टोकाचे गव्हर्नर होतेच. आजच्या फोनांवर पडद्याच्या कडेला दिसणाऱ्या परफॉर्मन्स नि बॅटरी सेव्हर या बटणांचे हे आजे-पणजे.

पहिला अँड्रॉइड फोन, 2008 चा टी-मोबाइल जी1, हा 528 मेगाहर्ट्झची चिप घेऊन आला होता, पण त्याचं मूळ सॉफ्टवेअर तिला 384 च्या पुढे जाऊ देत नसे. हे कळल्यावर हौशी मंडळी गप्प बसणं शक्य नव्हतं. फोन 'रूट' करायचा, म्हणजे त्याच्या सॉफ्टवेअरचा पूर्ण ताबा घ्यायचा, 2009 साली सुरू झालेल्या सायनोजेनमॉडसारखं दुसरं सॉफ्टवेअर चढवायचं आणि चिपला तिचा पूर्ण वेग द्यायचा. तिथून पुढे ठरलेल्या वेगाच्याही वर जायची चढाओढ लागली. वॉरंटी जायची, फोन कधी कधी कायमचा बंद पडून वीट व्हायचा, पण गेम लोण्यासारखा चालायचा.

याच काळात काही अंधश्रद्धाही रुजल्या. मागे चालू असलेली अ‍ॅप मारली की फोन पळतो, ही त्यातली सगळ्यात चिवट. अँड्रॉइड मेमरी कमी पडली की स्वतःच अ‍ॅप बंद करतं, आणि उगाच मारलेलं अ‍ॅप पुन्हा उठताना जास्तच बॅटरी खातं. तरीही 'बूस्टर' आणि 'क्लीनर' लोकांनी कोट्यवधी वेळा उतरवून घेतले. त्यातला प्रसिद्ध 'क्लीन मास्टर' भारतात बंद झाला तो 29 जून 2020 रोजी 59 चिनी अ‍ॅपवर आलेल्या बंदीत, म्हणजे सीमेवरच्या तणावामुळे. निरुपयोगी म्हणून त्याला कुणी हाकललं नाही. दुसरी समजूत डेव्हलपर ऑप्शन्समधली. 2012 पासून 'बिल्ड नंबर'वर सात वेळा टिचकी मारली की हा चोरकप्पा उघडतो. त्यातलं 'फोर्स 4एक्स एमएसएए' चालू केलं की गेम जोरात चालतो, असं शाळकरी मुलं एकमेकांना छातीठोकपणे सांगत. त्यानं चित्राच्या कडा गुळगुळीत होतात हे खरं, पण त्यासाठी ग्राफिक्स चिपवर ओझं वाढतं. म्हणजे बैलाला पळवण्यासाठी गाडीत आणखी दोन पोती टाकण्यासारखं.

या सगळ्याच्या मुळाशी उष्णता आहे. चिपचा वेग वाढवायचा तर व्होल्टेजही वाढवावं लागतं, आणि खर्च होणारी वीज वेगाच्या पटीत तर वाढतेच, शिवाय व्होल्टेजच्या वर्गाच्या पटीत वाढते. म्हणून वेग थोडा वाढवला तरी ताप बराच चढतो. संगणकाला पंखा असतो. फोनला असतो फक्त पाठीचा पत्रा आणि खेळणाऱ्याचा तळहात. तापमान मर्यादेपलीकडे गेलं की फोन आपसूक वेग उतरवतो. पहिली दहा मिनिटं झकास चाललेला गेम पुढे रखडायला लागतो तो यामुळे. 2015 साली क्वालकॉमची स्नॅपड्रॅगन 810 ही चिप या तापापायीच बदनाम झाली. सॅमसंगनं त्या वर्षीच्या गॅलेक्सी एस6 मध्ये तिला टाळून स्वतःची एक्झिनॉस बसवली.

सॅमसंगचं स्वतःचं अंगणही स्वच्छ नव्हतं. जुलै 2013 मध्ये आनंदटेक या संकेतस्थळानं गॅलेक्सी एस4 च्या एक्झिनॉस आवृत्तीत एक खोड उघड केली. ग्राफिक्स चिप साधारण गेमसाठी 480 मेगाहर्ट्झवर थांबायची, पण काही ठरावीक बेंचमार्क, म्हणजे वेग मोजणारी अ‍ॅप, उघडली की 532 वर जायची. सॉफ्टवेअरमध्ये त्या अ‍ॅपची नावंच लिहिलेली होती आणि त्या भागाला 'बेंचमार्कबूस्टर' असं नाव होतं. चोरानं स्वतःच पाटी लावावी तसं. परीक्षक आला की वर्ग चकाचक, एरवी धुळीची पुटं, हा प्रकार जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकलेल्या कुणालाही नवा नाही. अमेरिकेतला यावरचा दावा 2019 मध्ये 1 कोटी 34 लाख डॉलरवर मिटला. अशाच कारणानं 2018 मध्ये हुआवेचे काही फोन 3डीमार्क या बेंचमार्कच्या यादीतून काढले गेले.

भारतात गेमच्या सेटिंगला घरोघरी पोचवलं ते पबजीनं. सप्टेंबर 2016 मध्ये जिओ आल्यावर डेटा स्वस्त झाला होता. मार्च 2018 मध्ये पबजी मोबाइल आला. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये पोको एफ1 हा फोन स्नॅपड्रॅगन 845 घेऊन 20,999 रुपयांना मिळू लागला. शंभर खेळाडू एका बेटावर उतरतात आणि शेवटी एक उरतो, एवढंच कथानक. पण त्याच्या सेटिंगच्या पानावर दोन रांगा होत्या. ग्राफिक्ससाठी स्मूथ, बॅलन्स्ड, एचडी, एचडीआर. फ्रेम रेटसाठी लो, मीडियम, हाय, अल्ट्रा, एक्स्ट्रीम. नवखे खेळाडू चित्र देखणं करायचे. मुरलेले मात्र ग्राफिक्स तळाला आणि फ्रेम शेंड्याला नेत. 'स्मूथ-एक्स्ट्रीम' हा शब्द तिथून तोंडी बसला. झाडं पुठ्ठ्यासारखी, डोंगर सपाट, पण सेकंदाला 60 चित्रं. म्हणजे एका चित्राला 16.7 मिलिसेकंद, आणि 90 वर गेलं तर 11.1. गवतात लपलेला शत्रू आधी कुणाला दिसणार, हे या पाच-सहा मिलिसेकंदांत ठरतं अशी त्यांची श्रद्धा. निम्मी तरी खरी असावी.

इथे वेसण गेमवाल्याच्या हातात होती. कुठल्या फोनला कुठला पर्याय उघडायचा, याची यादी गेमकडे असायची. स्वस्त फोनवाल्यांना 'एक्स्ट्रीम' दिसायचंच नाही. त्यावर उतारा म्हणून 'जीएफएक्स टूल' नावाची अ‍ॅप निघाली. ती गेमच्या सेटिंगच्या फाईलमध्ये हात घालून बंद पर्याय उघडत. नियमानुसार खातं बंद होण्याची भीती असे, तरी पोरं वापरतच. आठ-दहा हजारांचा फोन तीसच फ्रेमवर खेळवायचा आणि समोरच्यानं साठवर यायचं, हा अन्याय त्यांना पटत नव्हता. ऑगस्ट 2020 मध्ये 90 फ्रेमचा पर्याय आला तोही महिनाभरासाठी फक्त वनप्लसच्या फोनांना. तो महिना पुरा व्हायच्या आत, 2 सप्टेंबरला, भारत सरकारनं 118 अ‍ॅपवर बंदी घातली आणि त्यात पबजी मोबाइल गेला. 2 जुलै 2021 रोजी तोच खेळ क्राफ्टन कंपनीनं बीजीएमआय नावानं परत आणला.

गरम फोनवरचे घरगुती इलाजही याच काळातले. कव्हर काढणं, टेबल फॅनसमोर बसणं, पाठीला ओला रुमाल लावणं. फ्रिजमध्ये ठेवण्याचा अघोरी उपाय करणारेही निघाले. कंपन्यांनी त्याचाच धंदा केला. जून 2018 मध्ये जाहीर झालेल्या असुसच्या आरओजी फोनला मागून लावायचा पंखा होता; 2019 च्या रेड मॅजिक 3 मध्ये पंखा थेट आतच बसवला. मग पेल्टिए कूलर आले. वीज सोडली की एक बाजू गार आणि दुसरी गरम होते, हा परिणाम फ्रान्सच्या जाँ पेल्टिए यांनी 1834 मध्ये नोंदवला होता. फोनची पाठ त्यानं बर्फासारखी होते खरी, पण हवेत दमटपणा असला की गार भागावर पाणी धरतं, आणि जुलैतल्या रत्नागिरीत हे फोनला परवडणारं नाही.

आता एका मोठ्या गोंधळाकडे. सॅमसंगच्या फोनांत 2016 पासून 'गेम ऑप्टिमायझिंग सर्व्हिस', थोडक्यात जीओएस, नावाची व्यवस्था होती. गेम चालू झाला की ती ताप आणि बॅटरी सांभाळण्यासाठी चिपचा वेग बेतानं कमी करायची. हेतू वाईट नव्हता. पण फेब्रुवारी 2022 मध्ये गॅलेक्सी एस22 आला आणि पूर्वी तिला बंद करण्याच्या ज्या पळवाटा होत्या त्या बुजल्या. पाठोपाठ ती ज्यांवर लक्ष ठेवते अशा सुमारे 10,000 अ‍ॅपची यादी बाहेर आली. तिच्यात गेमच नव्हते, नेटफ्लिक्स आणि सॅमसंगची स्वतःची अ‍ॅपही होती. नव्हती ती बेंचमार्क अ‍ॅप. एका कोरियन यूट्यूबरनं साधी युक्ती केली. त्यानं 3डीमार्क या बेंचमार्कचं आतलं नाव बदलून 'गेन्शिन इम्पॅक्ट' या गेमचं नाव दिलं. अ‍ॅप तेच, फोन तोच, पण गुण धाडकन खाली आले. सॅमसंगचं म्हणणं होतं की गेम नसलेल्या अ‍ॅपचा वेग आम्ही उतरवत नाही.

2013 मध्ये नावं लिहून वेग वाढवला जायचा, 2022 मध्ये नावं लिहून तो उतरवला जात होता. ग्राहकाला दोन्ही वेळा पत्ता नव्हता. गीकबेंच या बेंचमार्कनं एस10 पासून एस22 पर्यंतच्या चार पिढ्या आपल्या यादीतून काढल्या. गीकबेंचचे जॉन पूल हे नाव याआधीही गाजलं होतं. डिसेंबर 2017 मध्ये त्यांनीच जुन्या बॅटरीच्या आयफोनांचे गुण पडल्याचे आलेख मांडले होते आणि अ‍ॅपलला माफी मागून, आयओएस 11.3 मध्ये वेगावरचा आवर काढण्याचा पर्याय द्यावा लागला होता. सॅमसंगचंही तेच झालं. मार्च 2022 मध्ये दक्षिण कोरियातल्या सुवॉनला भागधारकांच्या सभेत उपाध्यक्ष हान जोंग-ही यांनी माफी मागितली, आणि अपडेटमधून एक नवा पर्याय आला. गेम बूस्टरच्या 'लॅब्ज' नावाच्या कोपऱ्यात तो ठेवला होता. सहज सापडू नये, पण नाही असंही म्हणता येऊ नये, अशा जागी.

गूगलनं अँड्रॉइड 12 मध्ये, 2021 साली, गेम मोडची सगळ्यांना सामाईक चौकट दिली: स्टँडर्ड, परफॉर्मन्स, बॅटरी. खेळणारा मोड निवडतो, गेम त्याला प्रतिसाद देतो, आणि गेमनं तशी सोय केली नसेल तर फोन स्वतःच चित्राचा बारकावा कमी करू शकतो. तिघांनी मिळून एक वेसण धरण्याचा हा प्रयोग. 2023 पासून सॅमसंगच्या काही फोनांत चार्जरची वीज बॅटरीला वळसा घालून थेट फोनला देण्याची सोयही आली, म्हणजे चार्ज होण्याचा ताप तरी वाचतो.

अलीकडच्या महागड्या फोनांत याच्याही पुढची चलाखी आहे. गेम 60 चित्रं काढतो, आणि प्रत्येक दोन चित्रांच्या मधलं चित्र फोन अंदाजानं बनवून पडद्यावर 120 दाखवतो. चिपवरचं ओझं वाचतं, पडद्याच्या कोपऱ्यातला फ्रेमचा आकडा खूश करतो. पण मधलं चित्र बनवायचं तर पुढचं हातात यावं लागतं, म्हणून पडदा किंचित मागे राहतो. त्यामुळे स्पर्धेत उतरणारी पोरं ही सोय पहिल्यांदा बंद करतात, ग्राफिक्स स्मूथवर आणतात, आणि मग बेटावर उडी मारतात.