मंगलकार्यालयातील क्रीडांगण

मंडळाच्या सुवर्णमहोत्सवी वर्षात वास्तू, भाडे आणि निधी यांचा हिशेब मांडला जाणे स्वाभाविकच आहे. परंतु समाजाचे सभागृह कशासाठी असते, या प्रश्नाचे उत्तर जमाखर्चाच्या वहीत मिळत नाही. ते आम्हांस बंगळूरच्या मल्लेश्वरम भागाच्या इतिहासात सापडते.

बॅडमिंटन हा खेळ आपणां मराठी माणसांस परका नाही. एकोणिसाव्या शतकात पुण्याच्या छावणीतील इंग्रज अधिकारी तो आवडीने खेळत. म्हणून त्यास आरंभी 'पूना' असेही म्हणत. १९५६ साली मलायातील सेलांगोर स्पर्धा जिंकून परदेशात विजेतेपद मिळविणारे पहिले भारतीय बॅडमिंटनपटू नंदू नाटेकर हे सांगलीचे. मात्र या खेळातील पिसांचे फूल जेमतेम पाच ग्रॅम वजनाचे. वाऱ्याच्या झुळुकीनेही ते भरकटते. त्यामुळे ४४ फूट लांब आणि २० फूट रुंद जागेबरोबरच डोक्यावर छप्परही हवे, आणि ते उभारणे खर्चाचे काम.

कॅनडातील लहान शेतकरी गावांत बर्फावरील खेळांसाठी बंदिस्त क्रीडागृहे असतात. हिवाळ्यात तेथे हॉकी रंगते आणि बर्फ वितळल्यावर त्याच छपराखाली गावचे मेळावे भरतात. मल्लेश्वरममध्ये याच्या उलट घडले. कॅनरा युनियन या संस्थेचे लग्नकार्याचे सभागृह मोकळ्या दिवशी बॅडमिंटनचे क्रीडांगण झाले. लग्न असले की खेळ बंद. मांडव उतरला की मुले पुन्हा हजर.

त्या मुलांत १९५५ साली जन्मलेले प्रकाश पदुकोण होते. त्यांचे वडील रमेश पदुकोण हे म्हैसूर बॅडमिंटन संघटनेचे कार्यकर्ते. १९६२ साली राज्य कनिष्ठ गटात प्रकाश पहिल्याच फेरीत हरले. दोनच वर्षांनी त्यांनी ती स्पर्धा जिंकली. सोळाव्या वर्षी कनिष्ठ आणि वरिष्ठ ही दोन्ही राष्ट्रीय अजिंक्यपदे त्यांनी एकाच मोसमात मिळविली आणि वरिष्ठ अजिंक्यपद ओळीने नऊ वेळा राखले. मार्च १९८० मध्ये लंडनच्या वेम्बली येथे इंडोनेशियाच्या लिएम स्वी किंगचा १५–३, १५–१० असा पराभव करून ते ऑल इंग्लंड स्पर्धा जिंकणारे पहिले भारतीय ठरले. पुढे १९९४ साली त्यांनी याच शहरात बॅडमिंटन प्रबोधिनी स्थापन केली.

अजिंक्यवीर घडवावा म्हणून कोणी ते सभागृह बांधले नव्हते. लग्नाच्या तारखा सोडून उरलेल्या दिवशी दार मुलांसाठी उघडे राहिले, इतकेच. परमुलखात वाढणारी आपली मुले गणपतीच्या दहा दिवसांपुरती मंडळात येतात. एरवीही त्यांनी यावे असे वाटत असेल, तर त्यांना तेथे काही काम हवे, खेळ हवा. म्हणून पुढील पन्नास वर्षांचा संकल्प करताना सभागृहाच्या नोंदवहीत आठवड्यातील दोन संध्याकाळी मुलांच्या नावे राखून ठेवाव्यात, एवढी आमची कार्यकारिणीस नम्र विनंती आहे. त्या संध्याकाळींचे भाडे बुडेल. ते मंडळाने आनंदाने सोसावे.