खोडावरची मोडी

आमच्या डोंबिवलीच्या सोसायटीतल्या आंब्याच्या खोडावर राखाडी-पांढरे चट्टे आहेत. झाडाला रोग लागलाय, खरवडून चुना-गेरू फासू, असं मीटिंगमध्ये जवळजवळ ठरलंच होतं. मी म्हटलं, थांबा, हे दगडफुलाचं भावंड आहे. गोडा मसाला सगळ्यांच्याच घरात असल्यामुळे लोकांनी निदान ऐकून घेतलं.

दगडफूल पानासारखं सुटं होतं. हे सालीला इतकं चिकटतं की नखानं निघत नाही. दोन्ही लायकेन, म्हणजे शैवाक. १८६७ साली स्विस वनस्पतिशास्त्रज्ञ सिमॉन श्वेंडेनरने सांगितलं, की ही एक वनस्पती नाही, बुरशी आणि शैवालाचा एकत्र संसार आहे. शैवाल अन्न बनवतं, बुरशी आसरा देते. झाडाकडून घेतात ती फक्त जागा. रोग कसला!

श्वेंडेनरला कडाडून विरोध करणाऱ्यांत फिनलंडचा विल्यम निलँडर होता. गंमत म्हणजे मला जास्त उपयोगी तोच पडला. १८६६ साली, म्हणजे बोरीबंदरहून ठाण्याला गाडी येऊन जेमतेम तेरा वर्षं झाली असताना, त्याने पॅरिसच्या लक्झेंबर्ग बागेतली शैवाकं मोजली आणि म्हटलं, ही शहराच्या हवेची मापं आहेत. कारण सरळ आहे. यांना मुळं नाहीत, पानांसारखं मेणाचं आवरण नाही. पावसातून, हवेतून येईल ते थेट आत.

म्हणून चट्टे दिसले की हवा शुद्ध, असं मात्र नाही. ब्रिटनमध्ये लेकॅनोरा कोनिझिऑइडिस नावाचं शैवाक कोळशाच्या धुरात उलट फोफावलं आणि धूर कमी झाल्यावर ओसरलं. कुठली जात आहे, हे बघावं लागतं.

यातलं माझं लाडकं ग्राफिस. सालीवर बारीक काळ्या रेघोट्या, थेट मोडी लिपी वाटावी अशा. लिनियसने १७५३ साली त्याच्या एका जातीला नावच 'लिहिलेलं' या अर्थाचं दिलं. आपल्याकडे पुण्यातल्या आघारकर संशोधन संस्थेत पटवर्धन आणि मखिजा यांनी असल्या सालीवरच्या जातींवर वर्षानुवर्षं काम केलं.

असे चट्टे वर्षाला जेमतेम एखाद-दोन मिलिमीटर वाढतात. आमच्या आंब्यावरचा सगळ्यात मोठा माझ्या तळहाताएवढा आहे. २०१४चा हिरवा पाऊस आणि २०२०चा गुलाबी रस्ता, दोन्ही बातम्यांच्या वेळी तो बहुधा इथेच होता. खरवडायला दहा मिनिटं पुरली असती.

शेवटी चुना लागलाच, पण बुंध्याला, दोन फुटांपर्यंत. चट्टे त्याच्या वर आहेत.