भाताचा गोळा आणि कामकऱ्याची न्याहारी

मोठ्या शहरांतून अलीकडे एक नवा पदार्थ विकावयास आला आहे. भाताचा मुटका वळावयाचा, त्यात कडधान्य, भाजी किंवा परदेशी मसाला भरावयाचा, आणि कागदात गुंडाळून उभ्याउभ्या खाण्यासाठी तो गिऱ्हाइकाच्या हातात द्यावयाचा. जाहिरात अशी की, हे झटपट खाणे आहे, तळलेल्या बटाट्याहून ते प्रकृतीस हितकर आहे आणि निसर्गावर त्याचा भार कमी पडतो. धानोऱ्याच्या माणसाला हे ऐकून हसू येईल. ज्या गावाच्या नावातच धान ऐकू येते, तेथे भात हातात घेऊन रानात जाण्याची युक्ती कोणी शिकवावी! परंतु हसून सोडून द्यावा असा हा विषय नाही. भाताच्या गोळ्याला इतिहास आहे, आणि तो बव्हंशी कष्टकऱ्याच्या पोटाचा इतिहास आहे. तोच आज आपणांपुढे मांडावयाचा आहे.

जपानात या गोळ्याला ‘ओनिगिरी’ म्हणतात. तेथील इशिकावा प्रांतात 1987 साली उत्खननात भाताचा एक जळून कोळसा झालेला गोळा सापडला. तो सुमारे दोन हजार वर्षांपूर्वीचा असावा असे तज्ज्ञांनी ठरविले. शेतकरी, वाटसरू आणि शिपाई या तिघांचे ते अन्न. ताट नको, चूल नको, बसावयास जागा नको. आज जपानच्या कोपऱ्याकोपऱ्यावरील दुकानांत तोच गोळा समुद्रशेवाळाच्या पातळ पापुद्र्यात गुंडाळून मिळतो. इटलीतील सिसिली बेटावर भाताचे गोळे तळून खातात; त्यांचा आकार व रंग पाहून लोकांनी त्यांना ‘लहान संत्री’ असे नाव ठेवले आहे.

आपल्याकडेही एकाच्या गाठोडीतले दुसऱ्याच्या गाठोडीत मिसळण्याची रीत जुनीच. आषाढी पौर्णिमेस पंढरपुराजवळ गोपाळपुरास पालख्या जमतात आणि काला होऊन वारीची सांगता होते. काला म्हणजे काय? गुरे राखणाऱ्या पोरांनी आपापल्या शिदोऱ्या एकत्र कालविल्या आणि त्याचे घास सर्वांनी मिळून खाल्ले, ही त्यामागची कल्पना. मिश्र खाण्याचे नवल ज्यांना वाटते त्यांनी एकदा गोपाळपुरास जावे.

आता आपल्या विदर्भाकडे वळू. येथला खास पदार्थ गोळाभात. हरभऱ्याच्या डाळीचा जाडसर भरडा घ्यावयाचा; त्यात तिखट, मीठ, हळद, जिरे आणि तेलाचे मोहन घालून लिंबाएवढे गोळे वळावयाचे; भात निम्माअधिक शिजला की ते त्यावर ठेवून झाकण लावावयाचे. भाताच्याच वाफेवर गोळे शिजतात, वेगळे सरपण लागत नाही. खाताना गोळा भातात कुस्करावयाचा आणि वरून लसूण, मोहरी व लाल मिरचीची कढत फोडणी ओतावयाची. सोबत कढी किंवा चिंचेचे सार असले तर सणच. कुस्करलेला भात दाबून वळला तर त्याचा मुटका होतो, आणि पळसाच्या पानात बांधला तर शिदोरी होते. शहरातल्या दुकानदाराला कागद विकत आणावा लागतो. पळसाचे पान झाड देते, आणि टाकले तर त्याची मातीच होते.

हा पदार्थ विदर्भातच का रुजला, याविषयी माझा एक तर्क आहे. वैनगंगेच्या पूर्वेस झाडीचा मुलूख. येथे तळ्यांचे पाणी आणि धानाच्या बांध्या. पश्चिमेस काळी जमीन, ज्वारी, तूर, हरभरा. एकीकडचा भात आणि दुसरीकडची डाळ जेथे भेटतात, तेथे हा गोळा वळला गेला असावा. तर्क खरा असो वा नसो, मेळ मात्र उत्तम जमला आहे. तांदळाच्या प्रथिनांत लायसिन नावाचा घटक कमी असतो, तो डाळीत भरपूर असतो. डाळीत मेथिओनिन कमी, ते तांदळात असते. ही दोन एका घासात आली म्हणजे गरिबाला मांस न खाताही बरे प्रथिन मिळते. वर जवसाची चटणी असली तर आणखी चांगले. आपल्या आज्यांना ही नावे ठाऊक नव्हती. प्रमाण मात्र ठाऊक होते.

तरीपण गोळ्यात काय पडेल हे केवळ वळणाऱ्या बाईच्या हाती नसते. धान्य कोण देतो, कसे देतो आणि कांडतो कोण, यावर ते ठरते. इतिहासातला खरा झगडा येथे आहे.

कांडणाचीच गोष्ट घ्या. 1883 साली जपानच्या आरमाराचे ‘र्‍यूजो’ नावाचे जहाज लांबच्या शिकाऊ सफरीवरून परत आले, तेव्हा त्यावरील 376 माणसांपैकी 169 जणांना बेरीबेरी झाली होती आणि 25 जण मेले होते. पाय सुजतात, लुळे पडतात, शेवटी हृदय थकते, असा हा रोग. खलाशांच्या जेवणात मुख्य पदार्थ होता पांढराशुभ्र सडलेला तांदूळ. ताकाकी या आरमारी डॉक्टराने दुसऱ्याच वर्षी त्याच मार्गाने दुसरे जहाज पाठविले. फक्त जेवण बदलले, त्यात मांस, दूध आणि जव आणले. त्या जहाजावर बेरीबेरीने कोणी मेला नाही. ताकाकीला वाटले प्रथिने कमी पडत होती. कारण चुकले, उपाय मात्र लागू पडला. जपानी लष्कराने तो मानला नाही, आणि 1904-05 च्या रशियाबरोबरच्या युद्धात त्याचे हजारो शिपाई या रोगाने गेले.

खरे कारण जावा बेटावर एका कोंबड्यांच्या खुराड्यात उमगू लागले. आइकमन हा डच डॉक्टर तेथे प्रयोगासाठी कोंबड्या पाळीत होता. काही दिवस त्यांना लष्करी इस्पितळाच्या स्वयंपाकघरातला उरलेला पांढरा भात घालीत, तेव्हा त्या लुळ्या पडल्या. पुढे नवा आचारी आला. मुलकी कोंबड्यांना लष्करी भात का द्यावा, असे म्हणून त्याने तो बंद केला. मग हलका, न सडलेला तांदूळ मिळू लागला आणि कोंबड्या बऱ्या झाल्या! कोंड्याबरोबर जे जीवनसत्त्व निघून जाते त्याचा माग येथून लागत गेला, आणि 1929 साली आइकमनला नोबेल पारितोषिकाचा वाटा मिळाला. एका चेंगट आचाऱ्याचे त्यात केवढे साहाय्य झाले!

हा प्रश्न विदर्भाच्या दारात आला तो 1934 च्या डिसेंबरात. वर्ध्यास गांधीजींनी अखिल भारत ग्रामोद्योग संघ स्थापन केला. कुमारप्पा त्याचे चिटणीस. मगनवाडीत ज्या कामांना अग्रक्रम मिळाला त्यांत हातसडीचा तांदूळ होता. गिरणी तांदळाचे सत्त्व घेते आणि खेड्यातल्या बाईची मजुरीही घेते, असा त्यांचा दुहेरी आक्षेप. स्वातंत्र्यानंतर 1958 साली भातगिरण्यांच्या नियमनाचा कायदा झाला. नवी गिरणी काढावयाची तर परवाना लागे, आणि तो देताना तेथील हातकांडणाच्या रोजगाराचा विचार करावा असे त्यात होते. 1997 साली तो कायदा रद्द झाला. तोपर्यंत खेडोपाडी विजेची चक्की आली होती आणि मुसळ लग्नकार्यापुरते उरले होते.

येथे मला वर्ध्याच्या थोरांशी थोडे भांडावयाचे आहे. मुसळाचे गोडवे गाणाऱ्यांपैकी फारच थोड्यांनी ते पहाटे दोन तास उचलले असेल. दिवसभर बांधीत वाकून रोवणी करणारी बाई रात्री धान कांडते, तेव्हा तिच्या खांद्यांतून काय जाते हे तिलाच विचारावे. गिरणीने तिचे ते कष्ट वाचविले. चळवळीत आयुष्य घालविलेल्या माणसाने यंत्राने वाचविलेल्या कष्टाला वाईट म्हणू नये. प्रश्न यंत्राचा नाहीच. टरफल काढून कोंडा तसाच ठेवणारे यंत्रही असते. आपण गिरणीवाल्याला तांदूळ आरशासारखा करावयास सांगतो आणि कोंडा त्याच्याकडे ठेवून येतो. त्या कोंड्याचे पुढे तेल निघते, ढेप निघते, त्यांचे पैसे होतात. धान पिकविणाऱ्याच्या घरी परत येतो तो पांढरा दाणा.

आणि मग त्या पांढऱ्या दाण्यात सत्त्व परत घालावयाची योजना निघते. लोह, फॉलिक आम्ल आणि बी-बारा जीवनसत्त्व मिसळलेल्या तांदळाचा पथदर्शी प्रयोग महाराष्ट्रात गडचिरोली जिल्ह्यातच झाला, आणि 2022 पासून देशभर टप्प्याटप्प्याने असा तांदूळ रेशनवर दिला गेला. रक्तक्षय ही येथील बायकांची खरी व्याधी आहे, तेव्हा हेतूला नावे ठेवण्याचे कारण नाही. पण सिकलसेलचे रुग्णही याच जंगलपट्टीत पुष्कळ, आणि लोह घातलेला तांदूळ त्यांनी बिनदिक्कत खावा काय याबद्दल डॉक्टरांत मतभेद झाले. तांदळाचा दाणा सर्वांना सारखा; शरीरे सारखी नव्हेत.

गोळ्याचा दुसरा भाग डाळ. झाडीपट्टीत धान कापणीला येते तेव्हा बांधीच्या ओलीत लाखोळी फेकतात. नांगर नको, पाणी नको, खत नको. गरिबाचे हे कडधान्य. तिचे वडे होतात, पिठले होते, गोळेही होतात. 1961 साली तिच्या विक्रीवर बंदी घालण्याची तरतूद झाली, कारण तिच्यातल्या एका विषारी द्रव्याने माणसाचे पाय कायमचे लुळे होतात. महाराष्ट्राने ही बंदी 2008 साली उठविली. आता सांगतो ती गोष्ट मात्र विसरू नये. मध्य प्रदेशात रीवा भागात पाय गेलेले लोक मोठ्या संख्येने सापडले, ते कोण होते? वेठबिगार. मालक त्यांना मजुरी म्हणून हीच डाळ देई, आणि दुसरे धान्य घरात नसल्याने महिनोन्महिने ते तीच भाकर करून खात. भाताबरोबर मूठभर, भिजवून पाणी टाकून शिजविलेली लाखोळी आणि तीन महिने निव्वळ लाखोळी, यांत फार अंतर आहे. डाळीवर बंदी आली. ज्या मजुरीने तिला विष केले ती वेठबिगारी कायद्याने बंद व्हावयास 1976 साल उजाडले.

तिसरा भाग वेळ. झटपट खाणे जन्मते ते जेवणास वेळ न देणाऱ्या कामातून. मुंबईच्या गिरणगावातल्या खानावळी, दादर स्टेशनबाहेर 1966 च्या सुमारास सुरू झालेला वडापाव, या साऱ्यांच्या मागे भोंगा आहे. 1948 च्या कारखाना कायद्याने पाच तासांच्या कामानंतर किमान अर्ध्या तासाची सुटी दिली आणि अडीचशेहून अधिक कामगार असतील तेथे उपाहारगृहाची तरतूद केली. हे भांडून मिळाले. पण कायदा कारखान्याचा. रानाला भिंती नाहीत आणि भोंगाही नाही.

आपल्या तालुक्यातला तेंदूचा हंगाम पाहा. एप्रिलच्या अखेरीस आणि मे महिन्यात माणसे उजाडण्यापूर्वी रानात शिरतात. ऊन चढले की परततात, घरी बसून सत्तर-सत्तर पानांची पुडकी बांधतात, संध्याकाळी फळीवर नेऊन मोजून देतात. दर पुडक्यांवर, म्हणून सुटीचा अर्धा तास हा पानांतून वजा होतो. अशा वेळी कमरेच्या फडक्यात जे असेल तेच जेवण. आणि ते आजकाल पुष्कळदा काय असते? दुकानातून घेतलेली तळलेली पुडी नि बिस्किटे. कारण साधे आहे: पहाटे तीनला उठून पाने तोडावयास जाणाऱ्या बाईने गोळे वळावेत केव्हा?

याच धानोरा तालुक्यात मेंढा (लेखा) गाव आहे. 2009 साली त्या गावास सुमारे अठराशे हेक्टर जंगलावर सामूहिक हक्क मिळाला आणि 2011 साली बांबूचा वाहतूक परवाना ग्रामसभेच्या हाती आला. त्यानंतर जिल्ह्यात अनेक ग्रामसभा तेंदूपत्त्याचाही व्यवहार स्वतः पाहू लागल्या. म्हणजे पूर्वी ज्या ठेकेदाराकडे आपण न्याहारीची सुटी मागत होतो, त्याच्या जागी पुष्कळ ठिकाणी आता आपलेच गाव बसले आहे. तेव्हा मागणीही गावाकडेच करावी लागेल. पानांच्या विक्रीतून थोडी रक्कम बाजूला काढून हंगामाच्या पंधरा दिवसांत बचत गटाच्या चार बायकांनी पहाटे गोळाभात रांधावा, त्यांना त्याची रोजंदारी मिळावी, आणि तोडणाऱ्या प्रत्येकाला पळसाच्या पानात दोन मुटके मिळावेत, हे जमण्याजोगे आहे. तांदूळ गावच्या बांधीतला, एकदाच सडलेला. त्याचा कोंडा गावच्याच गुरांना.

एक व्यवहाराची गोष्ट सांगून ठेवतो. मेच्या उन्हात शिजलेला भात फार वेळ टिकत नाही. कोमट भातात वाढणारे जंतू वांती-जुलाब घडवितात, आणि त्यांचे विष पुन्हा गरम केल्यानेही जात नाही. पहाटे वळलेले मुटके उन्हे तापण्यापूर्वी, सकाळच्या न्याहारीलाच संपवावेत. दुपारसाठी आपल्या पूर्वेच्या शेजाऱ्यांची रीत बरी. छत्तीसगडात उरलेला भात रात्री पाण्यात घालून सकाळी मीठ-कांद्याबरोबर खातात, त्याला बासी म्हणतात. 2022 साली 1 मे रोजी, म्हणजे कामगार दिनी, तेथील सरकारने सर्वांना बासी खाण्याचे आवाहन केले होते. मुरूमगावच्या पलीकडे ती सीमा आहे. अलीकडेही कित्येक घरांत सकाळी तेच भांडे असते.