गुप्ता, शिल्पा

(१९७६– ). ओळख, सीमा आणि तंत्रज्ञान यांवर सातत्याने काम करणाऱ्या भारतीय बहुमाध्यम कलावंत. जन्म मुंबईचा. सर जे. जे. कला महाविद्यालयातून १९९७ मध्ये त्यांनी शिल्पकलेची पदवी घेतली. पुढे मात्र संगणक, कॅमेरा आणि ध्वनी हीच त्यांची हत्यारे झाली.

लंडनच्या टेट संग्रहालयासाठी २००३ मध्ये त्यांनी ‘ब्लेस्ड बँडविड्थ’ हे इंटरनेटवरचे काम केले. इंटरनेटची केबल त्यांनी वेगवेगळ्या धर्मांच्या प्रार्थनास्थळी नेऊन तिला आशीर्वाद मिळवले आणि भाविकाला संगणकावर बसल्या जागी आशीर्वाद देऊ केला. ‘शॅडो ३’ (२००७) या कामात कॅमेरा प्रेक्षकाची सावली पडद्यावर टिपतो. वरून पडणाऱ्या वस्तू त्या सावलीला चिकटत जातात, आणि कितीही हात झटकले तरी सुटत नाहीत.

बेळगाव–निपाणीच्या सीमाभागातील वाचकाला सर्वांत जवळची वाटेल ती नकाशांची मालिका. शंभर जणांनी आपल्या देशाचा नकाशा केवळ आठवणीतून काढायचा. एका मांडणीत हे नकाशे वहीत आहेत, वही टेबलावर, आणि पंख्याच्या वाऱ्याने पाने उलटतात. एकाचीही रेघ दुसऱ्याशी जुळत नाही. १ नोव्हेंबर १९५६ च्या राज्यपुनर्रचनेत म्हैसूर राज्यात गेलेल्या मराठी भाषकांना रेघ न जुळण्याचा हा अनुभव परका नाही.

ही मालिका सीमाभागात यायलाच हवी. इथल्या शंभर जणांनी काढलेले नकाशे तिला नवा अर्थ देतील.