मिठाचा खडा, धन्याची भरड

मूठभर खडेमीठ घ्या. बारीक दळलेलं नको. लोणच्यासाठी आणतात तसलं, टोकदार, किंचित ओलसर. कॉर्न्ड बीफ, म्हणजे गाईबैलाचं खारवलेलं मांस, या नावातला ‘कॉर्न’ म्हणजे मका नव्हे. जुन्या इंग्रजीत कुठल्याही दाण्याला कॉर्न म्हणायचे, आणि हा दाणा मिठाचा. मूठ आवळा. खडे तळहाताला रुतू द्या. चुरचुरायला लागलं की मूठ उघडा.

समोर ली नदीचं काळसर पाणी आहे. आयर्लंडचं कॉर्क बंदर, डिसेंबर 1788. आपल्याकडे पुण्यात सवाई माधवराव पेशवे गादीवर आहेत. इथे चार वाजताच अंधारून येतंय. टेकडीवर शँडनच्या चर्चचा मनोरा तेवढा दिसतो, दोन बाजू लाल दगडाच्या, दोन पांढऱ्या चुनखडीच्या. त्याच अंगाला कत्तलखाने आहेत. थंडी पडू लागल्यापासून गुरांचे कळप शहरात शिरताहेत आणि पिंपांत भरून बाहेर पडताहेत. वास लपत नाही: रक्ताचा, ओल्या लाकडाचा, धुराचा, आणि सगळ्यांवर बसलेला मिठाचा दमटपणा.

हा धंदा एका बंदीतून उभा राहिला. आयर्लंडची जिवंत गुरं इंग्लंडच्या बाजारात नकोशी झाली. 1663 च्या कायद्याने जबर जकात बसवली आणि 1667 च्या कायद्याने दारच लावून घेतलं. गुरं जिवंत जाईनात, मग खारवून जाऊ लागली. आता धक्क्यावर ओकच्या लाकडाची पिंपं रांगेने उभी आहेत. चांगला माल आरमाराला आणि वेस्ट इंडीजच्या मळेवाल्यांना, हलका माल त्याच मळ्यांत राबणाऱ्या गुलामांच्या पोटासाठी. मीठ पोर्तुगालहून येतं. त्याचा खडा मोठा, विरघळायला सावकाश, म्हणून मांसात हळूहळू शिरतो. पिंप बंद करणाऱ्या माणसाचे हात बघा. बोटांच्या पेरांना भेगा पडल्यात आणि प्रत्येक भेगेत मीठ आहे. तो रात्री घरी जाऊन बटाटे आणि ताक घेणार. सणासुदीला फार तर आतड्याकोथळ्याचं काहीतरी, नाहीतर ड्रिशीन, म्हणजे रक्ताचं सॉसेज. ज्या शहराने अर्ध्या अटलांटिकला मांस पुरवलं, त्या शहराच्या गरिबांच्या ताटात जनावराचा तेवढाच भाग उरला, जो पिंपात भरता येत नव्हता. ही गोष्ट मला मसाल्याच्या आधी सांगायची होती, कारण पुढच्या स्वयंपाकघरात ती सतत आपल्यासोबत आहे.

ते स्वयंपाकघर एका व्यापाऱ्याच्या घराच्या तळघरात आहे. तीन पायऱ्या उतरा.

“दार लाव आधी. वारा येतोय.”

स्वयंपाकीण वर बघत नाही. पन्नाशीची असावी. टेबलावर मांडीचा मोठा तुकडा आहे, पाचेक किलोचा, आणि तिच्यापुढे वाट्या मांडल्यात. हे पिंपातलं मांस नव्हे. हे घरचं, नाताळचं. पिंपात जातं ते नुसतं मीठ आणि सोरा. वास, चव, घरपण तिथे कुणी मागत नाही. या तुकड्याला मात्र मसाला लागणार. हे मांस तुमच्या घरात शिजत असो वा नसो, या वाट्यांपाशी तुम्हाला परकं वाटणार नाही.

काळी मिरी. मलबारची, लंडनमार्गे आलेली. लवंग डच लोकांच्या हातून येते, म्हणून महाग. ती मापाने घेत नाहीत, मोजून घेतात. बाई बारा लवंगा काढते आणि तेरावी डबीत परत टाकते. जायपत्रीचं एक पान. काळपट, चिकट साखर. आणि एका वाटीत मिरीहून मोठे, तपकिरी, गुळगुळीत दाणे. एक उचला, नखाने फोडा. आधी लवंग, मग दालचिनी, मागून जायफळ, असे तीन वास एकाच दाण्यातून येतात. ऑलस्पाइस हे नाव त्यामुळेच पडलं, पण मसाल्यांचं मिश्रण नव्हे ते. जमैकातल्या एका झाडाचं वाळलेलं फळ आहे. 1780 पर्यंत वसाहतींची साखर आयरिश बंदरात थेट उतरवायचीही मुभा नव्हती, इंग्लंडला वळसा घालून यायची. आता जहाजं सरळ येतात. म्हणजे कॉर्कचं खारं मांस जमैकाला गेलं आणि जमैकाची साखर कॉर्कच्या मांसाला चोळायला आली. मधल्या मळ्यांत काय चालतं ते या तळघरात कुणी बोलत नाही. साखर मात्र बोटांना चिकटते.

शेवटच्या वाटीत पांढरी, बारीक सुईसारखी खडी. तिला बाई चमच्याच्या टोकावर घेते, त्याहून जास्त नाही. हा सोरा. तोफेच्या दारूत जातो तोच, आणि तो पाटण्याच्या बाजूने आलाय. बिहारात नोनिया लोक जुन्या भिंतींच्या कडेची, गोठ्याजवळची खारट माती खरवडतात, पाण्यात निथळतात, कढवतात, आणि ईस्ट इंडिया कंपनी तो सोरा जहाजात भरते. त्यातला बराचसा लढायांत उडून जातो. चिमूटभर इथे येतो, आणि शिजल्यावरही मांस राखाडी न पडता गुलाबी राहतं. का राहतं ते बाईला ठाऊक नाही, ठाऊक असायची गरजही नाही: जिवाणू सोऱ्याचं रूपांतर नायट्राइटमध्ये करतात, आणि त्यातून निघणारा वायू मांसातल्या लाल रंगद्रव्याला घट्ट धरून बसतो. वसई-वांद्र्याच्या ईस्ट इंडियन घरांत आणि गोव्याच्या ख्रिस्ती घरांत मीठ, लिंबू आणि सोरा लावून जीभ खारवतात, तिथेही हाच गुलाबी रंग उतरतो.

“मिरी कूट. पीठ करू नकोस.”

बत्ता जड आहे. पहिल्या ठोक्याला मिरी उडते, दोन दाणे फरशीवर. तळहाताने खलाचं तोंड झाका. ठोके देऊ नका, दाबून फिरवा. मिरी कडकडते, मग आवाज बदलतो, वाळूवर पाय पडावा तसा. तिथे थांबायचं. बाई चिमूट उचलून अंगठ्याने चोळते आणि मान हलवते. लवंग, ऑलस्पाइस, जायपत्री एकामागून एक. मग साखर, मीठ, सोरा. सगळं एकत्र झालं की भरड ओलसर, काळपट तपकिरी दिसते. ती मूठ भरते आणि मांसाला चोळते. पायाला तेल चोळावं तशी, मनगटाचा जोर लावून, हाडाजवळच्या खाचेत बोट घालून. उद्या पुन्हा. परवा पुन्हा. पंधरा दिवस रोज उलटायचं, सुटलेलं पाणी अंगावर घ्यायचं, चोळायचं. लोणचं मुरतं तसं हे मुरतं, फक्त त्याला रोज हात लागतो.

नाताळच्या आदल्या दिवशी ते उकळून वजनाखाली दाबलं जाईल, आणि दुसऱ्या दिवशी पातळ चकत्या वरच्या मजल्यावर जातील. बाई हात पुसते. पुसण्याआधी करंगळीचं टोक जिभेला लावते. मीठ, गोड, मग लवंगेचा चटका. या मांसाची चव तिने घेतली ती एवढीच.

तिच्या करंगळीवरचा तो वास धरून ठेवा.

न्यूयॉर्क, मार्च 1903. मधल्या काळात 1845 चा बटाट्याचा रोग आणि त्यामागून दुष्काळ येऊन गेला, लाखो मेले, लाखो बोटीत चढले. मॅनहॅटनच्या लोअर ईस्ट साइडला एका खोलीत कोळशाची शेगडी पेटली आहे आणि एक आयरिश बाई कागदाचं पुडकं सोडते आहे. सतरा तारखेला सेंट पॅट्रिकचा दिवस. गावाकडे या दिवशी डुकराचं खारं मांस आणि कोबी असायचा, तोही परवडला तर. इथे ते मांस तसं मिळत नाही, पण गाईबैलाचं मिळतं, आणि मजुराच्या बायकोला परवडेल अशा भावात. तिने ते ज्यू खाटकाकडून आणलंय. त्यांच्या धर्मात मागच्या भागातली एक मोठी शीर काढल्याशिवाय मांस चालत नाही, आणि ती काढणं किचकट, म्हणून ते पुढचाच भाग विकतात. छातीचा हा तुकडा राठ, चरबीचा. मुरवून मंद शिजवला तर लोण्यासारखा होतो.

दुकानदाराने मसाल्याचंही सांगितलंय. “पाणी उकळा, मसाला टाका, आणि पूर्ण गार होऊ द्या बाई. कोमट पाण्यात मांस घातलंत तर फेकून द्यावं लागेल.”

इथला मसाला वेगळा. कॉर्कमध्ये सुका चोळला होता, इथे खाऱ्या पाण्यात बुडवायचा आहे. धने, पिवळी मोहरी, मिरी, ऑलस्पाइस, चार-पाच लवंगा, सुंठेचा तुकडा, लसूण, बे लीफ म्हणजे लॉरेलचं पान. तुमच्या फडताळातलं तमालपत्र घालायचा मोह होईल. जरा उजेडात धरून बघा: आपल्या पानाला देठापासून तीन उभ्या शिरा असतात आणि वास दालचिनीकडे झुकतो, त्यांच्या पानाला मधोमध एकच शीर, वास रानटी, औषधी. मी दोन्ही घालून पाहिलंय. आपलं पान वाईट लागत नाही, पण मग दालचिनी अजिबात घालू नये.

तिच्याकडे खल नाही. ती मसाला फडक्यात बांधते आणि रिकाम्या बाटलीने ठेचते. धने दोन भागांत फुटले, मोहरी चिरडली, मिरीचे तुकडे झाले की बस. पूड केलीत तर पाणी गढूळ होतं आणि आठवड्याभरात कडवटपणा उतरतो. फुटका दाणा रोज थोडं थोडं देतो. म्हणूनच बाजारच्या तयार पुडीपेक्षा घरचा मसाला मला हवा असतो. पुडीतल्या मोहरीला पुष्कळदा कागदाचा वास येतो. दोन किलो तुकड्याला धने, मोहरी, मिरी, ऑलस्पाइस प्रत्येकी एक मोठा चमचा घ्या, बाकी अंदाजाने. सोऱ्याच्या जागी आज 6.25 टक्के नायट्राइट असलेलं गुलाबी मीठ वापरतात, मांस आणि पाणी मिळून दर किलोला 2.5 ग्रॅम, आणि ते काट्यावरच मोजायचं. रंग मुद्दाम दिलेला असतो, साध्या मिठात मिसळू नये म्हणून. आपलं सैंधवही गुलाबी असतं, पण त्याचा याच्याशी काही संबंध नाही; एकाची बरणी दुसऱ्याशेजारी ठेवू नका.

सात दिवस मातीच्या भांड्यात, वर बशी, बशीवर दगड. भांडं खिडकीबाहेर, मार्चच्या थंडीत. ती रोज संध्याकाळी तुकडा उलटते. हात बाहेर काढते तेव्हा मनगटापर्यंत वास येतो.

मंगळवारी, सतरा तारखेला, मांस धुऊन ताज्या पाण्यात चढतं. तीन तासांनी काटा अलगद आत जातो. शेवटी कोबी. खोलीची काच धुरकटली आहे, पोरं जिन्यावर आहेत, नवरा अजून कामावरून यायचाय. ती तुकडा फळीवर घेते, धाग्यांच्या आडवी सुरी लावते. आतून गुलाबी, थेट मध्यापर्यंत. पहिली चकती सुटते आणि ताटात जात नाही. ती उभ्या उभ्या तोंडात टाकते, डोळे मिटून चावते, आणि दाताखाली अर्धा धना फुटतो.