झाडीपट्टी रंगभूमी : पात्रे, भावना आणि भाषा

चंद्रपूर, गडचिरोली, भंडारा व गोंदिया या धानपट्ट्यातील झाडीपट्टी रंगभूमीला दंडार, खडीगंमत या लोककलांची पार्श्वभूमी लाभलेली आहे. धानाची कापणी आटोपली की मंडई-शंकरपटाच्या निमित्ताने गावोगावी रात्रभर नाटके होतात. वडसा हे नाटक मंडळींचे प्रमुख केंद्र होय. गुरनोलीचे परशुराम खुणे यांना २०२३ मध्ये मिळालेल्या पद्मश्रीने या परंपरेस राष्ट्रीय मान्यता लाभली.

येथील अभिनय नागर समीक्षेला भडक वाटतो. परंतु विस्तीर्ण मंडपात सूक्ष्म मुद्राभिनय मागील रांगेपर्यंत पोहोचत नाही. म्हणून पात्राचे दुःख चढ्या स्वरातील संवादांतून व गीतांतून व्यक्त होते. हा अभिरुचीचा दोष नसून रंगस्थळाची गरज आहे.

भाषेचा प्रश्न मात्र अधिक गंभीर आहे. नायक-नायिका बहुधा प्रमाण मराठीत शोक करतात, तर झाडीबोली प्रामुख्याने विनोदी पात्राच्या मुखी येते. परिणामी प्रेक्षक ज्या बोलीत घरी रडतो, तिच्या वाट्याला रंगमंचावर हसूच अधिक येते. केवळ छापील संहितांवर विसंबून लिहिलेल्या नाट्येतिहासात ही विभागणी दिसत नाही. तिची नोंद प्रयोगांच्या अभ्यासातूनच होऊ शकेल.