लेव्ही, सरहद्द आणि संस्थानाचा अस्त : जालना परिसराच्या संदर्भात

हैदराबाद संस्थानाचा अस्त १३ ते १७ सप्टेंबर १९४८ या पाच दिवसांत झाला, अशी सर्वसाधारण मांडणी आढळते. लष्करीदृष्ट्या ती यथार्थ आहे. तथापि जालना परिसरापुरता विचार करता निजामाच्या एकतंत्री सत्तेचा पाया दुसऱ्या महायुद्धाच्या काळातच खचू लागला होता. (जालना जिल्हा १ मे १९८१ रोजी अस्तित्वात आला. तत्पूर्वी जालना, अंबड, भोकरदन हा भाग औरंगाबाद जिल्ह्यात, तर परतूर परभणीत मोडत असे. त्यामुळे येथील घडामोडी दोन जिल्ह्यांच्या इतिहासांत विखुरल्या आहेत.)

महाराष्ट्र परिषदेचे पहिले अधिवेशन १९३७ साली परतूर येथेच गोविंदराव नानल यांच्या अध्यक्षतेखाली भरले. पुढच्याच वर्षी स्टेट काँग्रेसवर स्थापनेपूर्वीच बंदी आली आणि सत्याग्रह झाला. मात्र ही चळवळ प्रामुख्याने वकील, शिक्षक व विद्यार्थी यांची होती. कुणब्याच्या खळ्यापर्यंत राजकारण पोहोचविले ते युद्धाने. धान्यटंचाईमुळे सरकारने सक्तीची लेव्ही लादली. ठरावीक धान्य सरकारी दराने घालावे लागे आणि हा दर बाजारभावाहून कमी असे. वसुली गावकामगारांच्या हाती असल्याने वजनदार जमीनदार निसटत व लहान शेतकरी भरडला जाई. ‘ब्रिटिशांचा विश्वासू मित्र’ म्हणवणाऱ्या निजामाचे युद्ध रयतेला अशा रीतीने कळले. पुढे स्टेट काँग्रेसने लेव्हीविरोधाला आपल्या कार्यक्रमात स्थान दिले, ते यामुळेच.

स्टेट काँग्रेसवरील बंदी जुलै १९४६ मध्ये उठली. परंतु जून १९४७ मध्ये निजामाने स्वतंत्र राहण्याचा मनोदय जाहीर केला आणि १५ ऑगस्ट रोजी स्वामी रामानंद तीर्थ यांना अटक झाली. त्यानंतर करोडगिरी नाके व शिंदीची झाडे आंदोलनाचे लक्ष्य बनली. भोकरदन व जाफराबाद यांना लागून बुलढाणा जिल्हा, म्हणजे भारतीय संघराज्याची हद्द होती. रझाकारांच्या काळात ही सरहद्द या भागाच्या दृष्टीने निर्णायक ठरावी, हे स्वाभाविकच होते.

१४ सप्टेंबर १९४८ रोजी औरंगाबाद शरण आले. जालन्याजवळ मात्र तिसऱ्या शीख पलटणीला चिवट प्रतिकार झाला; दुसऱ्या दिवशी गुरखा तुकडी जालन्यात ठेवून उर्वरित सैन्य लातूरकडे वळले. १९४९ मध्ये जहागिरी रद्द झाल्या. मीर उस्मान अली खान मात्र १९५० पासून १९५६ पर्यंत राजप्रमुख राहिले.

मुक्तीच्या या इतिहासाची दुसरी बाजू अनेकदा टाळली जाते. पोलीस कारवाईनंतर मुस्लिम वस्त्यांवर झालेल्या हिंसाचाराची चौकशी करणाऱ्या सुंदरलाल समितीने बाधित जिल्ह्यांत औरंगाबादचाही समावेश केला होता. जालना तेव्हा त्याच जिल्ह्यात होते.